आवाजाचं शेपूट

२ नोव्हेंबर

आले एकदाची. एवढ्या मोठ्या घरात मला मिळालेली खोली तळमजल्यावरची, अंगणाकडे तोंड करून आहे. रुंद टेबल, दोन चांगले स्पीकर, आणि मुख्य म्हणजे न करकरणारी खुर्ची. आवाजाचं काम करणाऱ्याला अशी खुर्ची मिळाली म्हणजे सोन्याहून पिवळं. रेडिओत मी सगळी नोकरी एका लंगड्या खुर्चीवर काढली. ते केंद्र बंद पडलं तेव्हा मला सगळ्यांचं वाईट वाटलं, फक्त त्या खुर्चीचं नाही.

मला इथे बोलावलं ते बाईंच्या भाच्याने. बाई म्हणजे एकेकाळच्या मोठ्या गायिका. आता गाणं सोडा, बोलताही येत नाही. आधी आवाज गेला, पुढे काही वर्षांनी उजवा हातही गेला, त्यामुळे लिहिणंही बंद. त्या वरच्या मजल्यावर असतात. भाचा मात्र दोघांच्या वाटणीचं एकटाच बोलतो, आणि त्याला बंद करायचं बटण काही मला अजून सापडलेलं नाही. बाईंच्या जुन्या टेपा त्याने कॉम्प्युटरवर उतरवून घेतल्यात. मी त्या ऐकायच्या, गाणं कुठे सुरू होतं, कुठे संपतं, टेप कुठे खराब आहे त्याच्या खुणा करायच्या. मग तो त्यांचा संग्रह काढणार. एका महागड्या सॉफ्टवेअरचं माहितीपत्रक त्याने तयार ठेवलं होतं. मी म्हटलं, ते गुंडाळून ठेवा, ह्याच कामाचं एक फुकट सॉफ्टवेअर आहे, कुठल्याशा विद्यापीठातल्या लोकांनी केलेलं, रेडिओत आम्ही तेच वापरायचो. फुकट ते पौष्टिक. तो इतका खूश झाला की चहाबरोबर बिस्किटांचा अख्खा पुडा माझ्यापुढे सरकवला.

संध्याकाळी आईला फोन केला. ती विचारत होती की खोलीत ऊन येतं का. स्वतःला दिसत नाही, पण सगळ्या जगाच्या उन्हाची चौकशी तिला हवी. तिची नजर गेल्यापासून माझा आवाज हीच तिची काठी. घरी असले की मी तिला मागच्या गच्चीवर फिरवते. मी पुढे बोलत चालायचं आणि तिने माझ्या आवाजामागून यायचं, खरी काठी भिंतीला टेकवून. पाण्याच्या टाकीपाशी मी ‘आता उजवीकडे’ म्हणते, कारण सरळ गेलं तर कठडा जेमतेम गुडघ्याएवढा आहे. म्हणून माझे दोन नियम आहेत. मी नसताना गच्चीवर जायचं नाही, आणि माझा आवाज ऐकल्याशिवाय दाराची आतली कडी काढायची नाही. शेजारच्या काकू जेवण देतात, त्यांच्यापुरती सूट. ह्या नियमांवरून आमचं दर आठवड्याला भांडण होतं, आजही झालं. बरं वाटलं.

५ नोव्हेंबर

काय आवाज होता ह्या बाईंचा. माठातल्या पाण्यासारखा गार. मी कामात रडत नाही, पण आज दोनदा चष्मा पुसला.

हे सॉफ्टवेअर मला आवडतं ते एवढ्याचसाठी की ते मूळ आवाजाला हात लावत नाही, नुसतं दाखवतं. रेकॉर्डिंग उघडलं की पडद्यावर आवाजाचं चित्र येतं. खालचे स्वर खाली, वरचे वर, जितका जोर तितकी रेघ उजळ. त्या चित्रावर, पारदर्शक कागद ठेवावा तसे, थर चढवायचे आणि खुणा थरावर करायच्या. थरावर आपण एखादी रेघ काढली तर तेवढी रेघ शिट्टीसारखी वाजवूनही दाखवतं. म्हणजे बरोबर काढली की नाही ते कळतं.

आज एक गंमत दिसली. बाईंच्या आवाजाच्या उजळ रेघेमागून एक फिकी रेघ चालते. तीच वळणं, त्याच हरकती, फक्त थोडी उशिरा. ऐकू काहीच येत नाही, नुसती दिसते. टेप गुंडाळून ठेवली की एका वेढ्यातला आवाज शेजारच्या वेढ्यावर उमटतो, हे आमच्या धंद्यातलं जुनं दुखणं आहे. तेच असणार. मी तिचं नाव शेपूट ठेवलं. भाच्याला दाखवलं तर त्याने त्यावरही अर्धा तास भाषण दिलं.

८ नोव्हेंबर

शेपूट वेढ्यांचं नसावं. बाईंनी एकच गाणं वेगवेगळ्या वर्षी गायलेलं आहे, म्हणून ती सगळी रेकॉर्डिंगं मी एकाखाली एक लावली. हे सॉफ्टवेअर ती आपणहून जुळवून देतं, एकात जिथे असू तिथेच दुसऱ्यातही असतो. चित्र सगळीकडे सारख्याच मापाचं ठेवलं. सगळ्यात जुन्या गाण्यात शेपूट आवाजाच्या चार बोटं मागे आहे. नंतरच्यात तीन बोटं. मग दोन. टेपा वेगळ्या, सभागृहं वेगळी, यंत्रं वेगळी, आणि शेपूट मात्र वर्षागणिक जवळ सरकत आलेलं.

मग मला राहवलं नाही. थर चढवला, शेपटाची रेघ हाताने गिरवली आणि वाजवली. शिट्टी वाजली, पण शिट्टीवरून काय कळणार. रेडिओतले आमचे साहेब म्हणायचे, कान फसतो, गळा फसत नाही. खूण बरोबर आहे का ते बघायचं तर आपल्या गळ्यातून काढून बघायची. तिथे आम्हा सगळ्यांनाच ती खोड लागली. मी माइक लावला आणि शेपटाची रेघ गुणगुणून त्याच्याच खाली रेकॉर्ड केली. सहज जमली. गळ्याला ती जणू आधीपासून ठाऊक होती.

तेवढ्यात बाई खाली आल्या. इतक्या भराभर त्या जिना उतरतात हे मला माहीत नव्हतं. आल्या आणि त्यांनी डावा हात माझ्या तोंडावर दाबला. साबणाचा वास येत होता हाताला. मी हात बाजूला केला तर पुन्हा दाबला. भाचा धावत आला, मावशीला दुसऱ्या कुणी गायलेलं खपत नाही म्हणाला, आणि त्यांना वर घेऊन गेला. मोठी गायिका असली म्हणून काय झालं, मला भयंकर राग आला. आईला सगळं सांगितलं. ती म्हणाली की म्हातारं माणूस आहे, तूही काही कमी खडूस नाहीस.

११ नोव्हेंबर

दुपारच्या सुट्टीत मी आईसाठी एका रहस्यकथेचं एकेक प्रकरण वाचून रेकॉर्ड करते आणि काकूंच्या फोनवर पाठवते. काकू ते तिच्या उशाशी लावून ठेवतात. काल आई म्हणाली की वाचन छान झालं, पण प्रत्येक वाक्यानंतर तेच वाक्य कुणीतरी हळूच म्हणतंय असं वाटत होतं.

मी हसले. आज सकाळी ते रेकॉर्डिंग सॉफ्टवेअरमध्ये उघडून पाहिलं.

माझ्या आवाजामागे शेपूट आहे. चार बोटं.

इथे टेप नाही, वेढे नाहीत, काही नाही. मग स्वतःलाच दटावलं, खोली रिकामी आहे, घुमत असेल. गोधडी डोक्यावरून घेऊन घामाघूम होत पुन्हा रेकॉर्ड केलं. गोधडीत कोण घुमणार. तरी शेपूट होतंच. आणि तीनच बोटं मागे.

१३ नोव्हेंबर

घसा बसलाय. ताप नाही, खोकला नाही, नुसता आवाज जाडा झालाय आणि मधेमधे तुटतो.

आईला फोन केला तर ती म्हणाली, दुपारी तर बरा होता आवाज. मी दुपारी फोन केलाच नव्हता. मी तसं म्हटल्यावर ती मलाच वेड्यात काढायला लागली. चांगला तासभर बोललीस म्हणे. लहानपणच्या गोष्टी काढल्यास. आणि किती सलग बोललीस गं, मधे श्वाससुद्धा घेतला नाहीस.

काकूंना कळवलं की मी पाठवलेली सगळी वाचनं पुसून टाका. त्यांनी पुसली. आई हिरमुसली म्हणाल्या, दिवसभर तीच ऐकत बसायची.

मी आपल्या हाताने ते तिच्या उशाशी पाठवलं.

१५ नोव्हेंबर

भाच्याने आज चहा पिताना सांगितलेलं, जसंच्या तसं लिहून ठेवते.

तो लहानपणी ह्याच घरात वाढला. मावशी समोर बसून चहा पीत असायची आणि तिचं गाणं वरून ऐकू यायचं. त्याला वाटायचं टेप लावलीय. मावशीला एक मुलगी होती, त्याच्याहून धाकटी. एका दुपारी दोघं अंगणात खेळत होती. मुलगी उठली, आई बोलावतेय म्हणाली आणि फाटकातून नदीकडे चालू लागली. हाक त्यानेही ऐकली होती, नदीच्या बाजूने, मावशीचाच आवाज. पण वळून पाहिलं तर मावशी मागे ओट्यावर उभी. मुलीला थांबवायला तिने तोंड उघडलं आणि आवाजच निघाला नाही. ती धावली. पोचेपर्यंत सगळं संपलं होतं.

लोक म्हणतात की मुलगी गेल्याच्या धक्क्याने आवाज गेला. भाचा म्हणाला की नाही, आवाज आधी गेला. हे त्याने इतक्यांदा सांगितलंय की सांगताना त्याचं बिस्कीट चहात बुडवणं थांबलं नाही. माझा कप हातातच गार झाला.

१६ नोव्हेंबर

बाईंचा शेवटचा जलसा आज ऐकला. त्यानंतर थोड्याच दिवसांत ती नदीची दुपार.

शेपूट मागे नाही. पुढे आहे. आधी शेपूट गातं, मग फिकट झालेली बाईंची रेघ त्याच्यामागून फरफटत येते. शेपूटच ऐकू येतं, बाईच नुसत्या दिसतात.

आणि श्वास नाहीत. गाणाऱ्याचे श्वास चित्रात धुरकट डागांसारखे दिसतात, मी त्यांच्याही खुणा करते. इथे एकही डाग नाही. लोक टाळ्या वाजवतायत.

मग अंतर बघायला काल मुद्दाम केलेलं माझं रेकॉर्डिंग उघडलं.

नखाएवढं अंतर उरलंय.

१७ नोव्हेंबर

सकाळपासून तोंड मिटून होते. वाटलं, बोललेच नाही तर त्याला मागोवा मिळणार नाही. पण मी गप्प राहिले की आईच्या कानात फक्त तेच बोलणार. ह्या कात्रीतून सुटका नाही.

म्हणून फोन केला. उरल्यासुरल्या आवाजात सांगितलं की आई, माझ्या आवाजावर विश्वास ठेवू नकोस. ती हसली. मग कुणाच्या ठेवू म्हणाली, तूच तर नियम केलास. मला सांगायचं होतं की मी आले तर दारावर अमुक अशी थाप मारीन, फक्त त्या थापेला कडी काढ. ‘दारावर’ म्हणाले आणि पुढे

काही नाही. तोंड हलत होतं. आई म्हणत होती, बोल ना, दारावर काय.

मग त्याच फोनमधून माझा आवाज आला. म्हणाला की काही नाही गं आई, चेष्टा करत होते.

१८ नोव्हेंबर

आवाज नाही. कुजबुजसुद्धा नाही.

भाच्याला लिहून दिलं. त्याने वाचलं, घशाला सूज असेल म्हणाला, मीठ घालून कोमट पाणी आणलं. भला माणूस आहे. उपयोग शून्य.

बाई खाली आल्या. मी त्यांच्यापुढे तोंड उघडून दाखवलं. त्यांनी पुन्हा तो डावा हात माझ्या तोंडावर ठेवला. ह्या वेळी दाबला नाही. आम्ही दोघी रडलो. खोलीत कुणी रडतंय हे बाहेरच्याला कळलंही नसतं.

काकूंना मेसेज केला, आईजवळ थांबा, तिला एकटीला सोडू नका. काकूंचं उत्तर रात्री आलं. त्या लेकीकडे गेल्यात, तिच्या बाळंतपणाला. आईच म्हणाली होती म्हणे, माझी मुलगी आलीय, तुम्ही खुशाल जा. काकूंनी दाराबाहेरून माझं बोलणंही ऐकलं. म्हणून निश्चिंत निघाल्या.

बस पहाटे आहे.

१९ नोव्हेंबर, बसमध्ये

आईने फोन उचलला. मी नखाने टकटक केलं. पुन्हा पुन्हा. ओळख गं. ओळख.

ती म्हणाली, कोण आहे. मग फोन बाजूला धरून कुणाला तरी म्हणाली की बघ गं, कुणीतरी नुसतंच वाजवतंय.

ठेवून दे, असं माझा आवाज म्हणाला.

तिने ठेवून दिला.

१९ नोव्हेंबर, दुपार

जिन्यात. दाराबाहेर.

किल्लीने कुलूप निघालं. आतली कडी लावलेली. माझाच नियम.

थापा मारल्या. आईने आतून विचारलं, कोण. मी थापाच मारू शकते. ती म्हणाली नाव सांगा, बोलता येत नाही का. माझा आवाज म्हणाला, कुणी नाही गं, तू चहा पी.

आई हसतेय. किती दिवसांनी अशी हसतेय. सगळं ऐकू येतं.

खालच्या मजल्यावरच्या काकांना वहीतलं पान दाखवलं. त्यांच्या हाकांनाही आईने कडी काढली नाही. ते सुताराला आणायला गेलेत. चिठ्ठी दाराखालून सरकवली. वाचणार कोण.

खांदा दुखतोय. दार हलत नाही. लिहिते आहे कारण ओरडता येत नाही —

बाहेर छान ऊन पडलंय म्हणतंय. चल म्हणतंय.

नको आई.

खुर्ची सरकली. चपला —

मागच्या दाराची कडी निघाली. जिन्याच्या खिडकीतून गच्चीवरचं ऐकू येतं, दिसत नाही —

काठी. काठी भिंतीला टेकवली तिने. माझा आवाज असला की काठी घेत नाही.

‘मी पुढे आहे, ये माझ्या मागून.’ हे माझं वाक्य आहे. रोजचं. माझं —

काका आले नाहीत अजून. खिडकीच्या गजांवर किल्ली आपटतेय, आई, इकडे, आवाजाकडे नको, इकडे —

ती म्हणाली, कोण वाजवतंय गं. ते म्हणालं, वाजवू दे.

पावलं. टाकीपाशी आली. इथे उजवीकडे म्हणायचं. उजवीकडे म्हण. मी पाया पडते, उजवीकडे म्हण —

ते म्हणतंय, सरळ ये. सरळ —